बचत गट दोन-तीन वर्षांत थंडावतो: बिघाड कुठे शोधायचा आणि कसा काढायचा

गाव बदललं तरी दुखणं तेच असतं. पहिलं वर्ष बैठका वेळेवर होतात, वहीत सगळ्यांच्या सह्या असतात, बँकेतली शिल्लक वाढत जाते. दुसऱ्या वर्षी बाराजणींपैकी सातच येतात, बाकीच्या मुलीच्या हाती दोनशे रुपये पाठवून देतात. तिसऱ्या वर्षी बैठक भरतच नाही. सचिवताई घरोघर फिरून पैसे गोळा करतात, वही त्यांच्याच घरी असते, आणि मग एक दिवस कुणीतरी पाणवठ्यावर सगळ्यांदेखत विचारतं, "माझे पैसे जमले तरी किती, ते सांगा की एकदा!" तिथून पुढे गट मोडतो, नाहीतर नुसता कागदावर उरतो.

मी गटांच्या वह्या तपासायचं काम करते. 'आमचा गट पुन्हा बंद पडतोय, काय करू?' हा प्रश्न मला सगळ्यात जास्त वेळा विचारला जातो. विचारणाऱ्या सीआरपी, म्हणजे गटांना मदत करणाऱ्या गावातल्याच कार्यकर्त्या असतात, ग्रामसंघाच्या, म्हणजे गावातल्या गटांच्या संघाच्या पदाधिकारी असतात, कधी गटाची नवी अध्यक्ष असते. बहुतेकींनी आधी समजूत घालून पाहिलेली असते: 'भांडू नका, एकी ठेवा.' महिनाभर सगळ्या येतात आणि पुन्हा तेच.

समजूत टिकत नाही, कारण भांडण सगळ्यात शेवटी आलेलं असतं. त्याआधी कितीतरी महिने पैसे बैठकीबाहेर फिरायला लागलेले असतात. थंडावलेल्या गटाची रोकड वही उघडा. सुरुवातीला महिन्याच्या एकाच तारखेला सगळ्यांची जमा दिसेल. नंतर तारखा विखुरत जातात, ३ तारखेला चौघी, ११ ला दोघी, २४ ला एक. गट तिथूनच सुटायला लागलेला असतो. म्हणून दुरुस्तीही तिथूनच करायची.

आधी ताळा घ्या, मग बोला

कुणाचीही बाजू ऐकण्याआधी हिशोब जुळतो का ते पाहा. त्यासाठी बीकॉम व्हावं लागत नाही. गटाकडे आजवर जेवढे पैसे आले त्यातून खर्च वजा करा. उरलेली रक्कम तीनच ठिकाणी असू शकते: सभासदांकडे येणं असलेल्या कर्जात, बँकेत आणि हातातल्या शिलकेत.

समजा, बाराजणींचा गट आहे, बचत महिना २०० रुपये, दोन वर्षं झाली. बचत झाली ५७,६०० रुपये. कर्जावरचं व्याज जमा झालं ११,४००, उशिराचा दंड ६००, आणि उमेदकडून, म्हणजे राज्याच्या ग्रामीण जीवनोन्नती अभियानाकडून, फिरता निधी मिळाला १५,०००. एकूण ८४,६००. वह्या, शिक्के, तालुक्याला जायचं भाडं असा खर्च ९००. म्हणजे गटाचे ८३,७०० रुपये कुठे ना कुठे दिसले पाहिजेत. आता दुसरी बाजू. खतावणीप्रमाणे, म्हणजे प्रत्येकीच्या खात्याचं पान असलेल्या वहीप्रमाणे, सभासदांकडे येणं कर्ज ६८,०००, बँकेचं पासबुक भरून आणलं तर ९,२००, पेटीत मोजले तर १,५००. बेरीज ७८,७००. पाच हजारांचा फरक.

हा आकडा कळला की निम्मं काम झालं. 'गटात काहीतरी गडबड आहे' ही कुजबुज थांबते आणि 'पाच हजार कुठे आहेत' हा नेमका प्रश्न उरतो. त्याला उत्तर असतंच.

बँकेचं पासबुक मात्र आधी भरून आणा. सहा महिने जुन्या नोंदीवर ताळा घ्यायला बसाल तर बँकेने जमा केलेलं व्याज आणि कापलेलं शुल्क राहून जाईल, आणि उगाच कुणावर तरी संशय जाईल.

फरक शोधायची रीतही ठरलेली आहे. प्रत्येकीचं सभासद पासबुक मागवा आणि खतावणीतल्या तिच्या पानाशी ओळीने ताडून पाहा. पासबुकात हप्ता भरल्याची सही आहे पण खतावणीत नोंद नाही, असं दिसलं तर सभासदाचं पासबुक खरं धरा. तिने पैसे दिलेत आणि सही घेतली आहे, तिच्याकडून आणखी काय हवं? पासबुक आणि खतावणी जुळतात, पण पैसे रोकड वहीत आले नाहीत आणि बँकेतही गेले नाहीत, असं असेल तर ते ज्या हातात दिले गेले तिथेच थांबले आहेत. वरच्या उदाहरणात बहुधा हेच निघेल. कुणीतरी कर्जाचे पाच हजार एकरकमी सचिवताईंच्या घरी नेऊन दिले, त्यांनी प्रामाणिकपणे खतावणीत कर्ज कमी केलं, पण बँक दुसऱ्या दिवशी बंद होती, तिसऱ्या दिवशी मुलाची फी भरायची होती, आणि पैसे घरात मोडले.

इथे फार जपून वागा. मी पाहिलेल्या बहुतेक वेळी ही चोरी नसते. घरात रोख पडून असली आणि घरात अडचण आली की काय होतं ते आपल्याला सगळ्यांना माहीत आहे. त्या बाईला चारचौघींत चोर ठरवलंत तर ती गट सोडेल, तिच्या दोन जावा सोडतील, आणि पैसेही येणार नाहीत. त्यापेक्षा बैठकीत ठराव करा: अमुक तारखेपासून ही रक्कम सचिवांच्या नावे कर्ज म्हणून धरली आहे, व्याज इतरांसारखंच, हप्ते इतके. ठरावाखाली सगळ्यांच्या सह्या-अंगठे घ्या. पाच हजार लगेच 'येणं कर्ज' या रकान्यात येतात आणि ताळा जुळतो. त्याच बैठकीत एक गोष्ट मात्र ठाम सांगा: यापुढे कुणीही घरी नेऊन पैसे द्यायचे नाहीत आणि कुणीही घरी घ्यायचे नाहीत.

व्याजाचा घोळ

ताळा जुळूनही कुरबूर थांबत नसेल तर व्याज कसं लावता ते तपासा. गावातल्या बहुतेक गटांत दर महिना शेकडा दोन असतो. पण दोन टक्के कशावर? १०,००० रुपये दहा महिन्यांसाठी घेतले आणि दर महिन्याला मूळ दहा हजारांवरच व्याज घेतलं तर २०० गुणिले दहा, म्हणजे २,००० रुपये होतात. दर महिन्याला १,००० मुद्दल फिटत जाते असं धरून उरलेल्या रकमेवर घेतलं तर पहिल्या महिन्याला २००, मग १८०, मग १६०, शेवटी २०. बेरीज ११००. एकाच गटात, एकाच दराने, दोघींच्या व्याजात ९०० रुपयांचा फरक पडतो. सचिव बदलली की पद्धत बदलते, आणि शेजारी-शेजारी राहणाऱ्या दोघी पासबुकं समोर ठेवून भांडतात. दोघी आपापल्या जागी खऱ्या असतात.

व्याज उरलेल्या मुद्दलावरच लावा आणि तसा ठराव इतिवृत्तात लिहून ठेवा. जुनी कर्जं मागे जाऊन दुरुस्त करायची का, हे गटाने ठरवावं. माझं मत विचाराल तर करावी. ज्यांनी जास्त भरलं त्या बहुधा गटातल्या सगळ्यात गरीब असतात, कारण त्यांनीच पूर्ण मुदत घेतलेली असते.

बैठक कशी घ्यायची

पंचसूत्री सगळ्यांना पाठ असते: नियमित बैठक, नियमित बचत, अंतर्गत कर्जवाटप, नियमित परतफेड, हिशोब लेखन. उमेदमध्ये तिची दशसूत्री झाली, त्यात आरोग्य, शिक्षण, पंचायतीतला सहभाग, योजनांचा लाभ आणि उपजीविका आली. पाठ असणं आणि चटईवर बसून करणं यात अंतर आहे, म्हणून एक बैठक जशी व्हायला हवी तशी सांगते.

गोल बसा. ओळीत बसलं की पुढच्या तिघी बोलतात आणि मागच्या निवडणं-टिपणं करत बसतात. पेटी मध्ये ठेवा. पेटी एकीच्या घरी, किल्ली दुसरीच्या घरी. दोघी आल्याशिवाय पेटी उघडत नाही, त्यामुळे एकटीवर ओझंही नाही आणि संशयही नाही. आधी मागच्या बैठकीची शिल्लक मोठ्याने सांगायची. ती सचिवाने सांगू नये, लिहिता-वाचता न येणाऱ्या एखाद्या काकूंनी सांगावी. मागच्या वेळी नीट ऐकलं असेल तर त्यांना आकडा आठवतो, आणि त्यांना आठवतो हे सगळ्यांना कळलं की वहीत खाडाखोड करायची कुणाची छाती होत नाही. मग पेटी उघडून पैसे मोजायचे आणि बोललेल्या आकड्याशी ताडून पाहायचे.

त्यानंतर एकेकीचं नाव घ्यायचं. ती मध्ये येऊन पैसे पेटीवर ठेवते आणि तोंडाने सांगते, "बचत दोनशे, हप्ता हजार, व्याज एकशेसाठ." दुसरी मोजते, तिसरी वहीत आणि पासबुकात लिहिते. सगळ्यांचं झालं की आजची जमा मोठ्याने सांगायची, मग कर्जाची मागणी, मग वाटप, शेवटी पेटीत उरलेली रोख आणि उद्या बँकेत किती भरायचे, कोण कोण जाणार. जाणाऱ्या दोघी असाव्यात.

याला तास-सव्वा तास लागतो. 'एवढा वेळ कुणाला आहे?' असं ऐकावं लागेल. खुरपणीच्या दिवसांत खरंच नसतो, तेव्हा रात्री जेवणं झाल्यावर बसा. पण मोठ्याने बोलण्याचा भाग गाळू नका. वही वाचता न येणारी बाई कानाने हिशोब ठेवते. तो आवाज बंद केला तर तिला गटात काय चाललंय हे कळायचा एकमेव रस्ता बंद होतो, आणि मग ती मुलीच्या हाती दोनशे रुपये पाठवू लागते.

वही एकाच हातात

बाराजणींत दहावी झालेली एकच असते, म्हणून तीच सचिव, पाच वर्षं तीच. तिला कंटाळा आला, तिचं बाळंतपण आलं किंवा ती माहेरी गेली की गट थांबतो. काही ठिकाणी वही तिचा नवरा लिहितो. हे चालू देऊ नका. नवरा कितीही सज्जन असला तरी त्याच्यासमोर बायका कर्जाचं खरं कारण सांगत नाहीत, आणि हिशोबावर प्रश्न विचारायला तर मुळीच धजावत नाहीत.

नवीन लग्न होऊन आलेल्या सुना बारावी-पदवीपर्यंत शिकलेल्या असतात. सासू सभासद आहे म्हणून सुनेला गटात घेत नाहीत. घ्या. ते जमत नसेल तर निदान एका सुनेला वही शिकवा. दर सहा महिन्यांनी लिहिणारी बदला. नवीने लिहायचं, जुनीने शेजारी बसून तपासायचं. लिहिणारीला मानधन द्यायचं असेल तर ते ठरावाने आणि उघड द्या, पन्नास रुपये का असेनात. फुकट राबवून घेतलं की काही महिन्यांनी वही मागे पडते.

कर्ज ठराविक तिघींनाच का मिळतं

ही तक्रार बैठकीत कुणी करत नाही, घरी जाताना करतात. तपासायला सोपी आहे. दोन वर्षांत कुणी किती वेळा कर्ज घेतलं त्याची कागदावर यादी करा. दोघी-तिघींनीच पाच-सहा वेळा घेतलंय आणि चौघींनी एकदाही नाही, असं दिसलं तर त्या चौघींना एकेकटीला विचारा. काहींना गरज नसते. पण काहींनी मागितलेलं असतं आणि 'पुढच्या वेळी बघू' असं ऐकून त्या गप्प बसलेल्या असतात. दलित वस्तीतली किंवा एकटी राहणारी बाई गटात असेल तर तिचं नाव या यादीत आवर्जून पाहा. ते सारखं मागे राहत असेल तर दोष रांगेत नाही, गटाच्या नजरेत आहे, आणि त्यावर बैठकीत तोंड उघडून बोललंच पाहिजे.

रांग लावण्यासाठी मागणी आधीच्या बैठकीत नोंदवायची. आजारपण पहिलं, मग शिक्षण आणि पेरणी, मग धंदा, मग घरदुरुस्ती, असा क्रम बऱ्याच गटांत चालतो. तुमच्या गावाला वेगळा बरा वाटला तर वेगळा ठेवा, पण वहीत लिहा.

बैठकीबाहेर पैसे द्यायचे नाहीत हा नियम एका जागी मोडतो: रात्री-अपरात्री कुणाला दवाखान्यात न्यावं लागतं. तेव्हा नियम सांगत बसायचं नसतं. त्यासाठी पेटीत दोन हजारांची आपत्कालीन रक्कम वेगळ्या पाकिटात ठेवा. पेटीवाली आणि किल्लीवाली दोघींनी मिळून ती द्यायची, चिठ्ठी ठेवायची आणि पुढच्या बैठकीत पहिल्यांदा तीच नोंद वाचायची. अशी सोय केलेल्या गटात मागच्या दाराने कर्ज देणं आपोआप कमी होतं, कारण बहुतेक वेळा त्याची सुरुवात अशाच एका खऱ्या अडचणीतून झालेली असते.

बाहेरचे तीन धक्के

पहिला मायक्रोफायनान्सचा. कंपनीचा माणूस गावात येतो, दारात कर्ज देतो आणि दर आठवड्याला हप्ता नेतो. गटाचा हप्ता महिन्याचा आणि ओळखीतला, म्हणून तोच आधी चुकतो. एकीला तीन-तीन कंपन्यांची कर्जं असतात. हे दिसलं तर ओरडू नका, तिच्या घरचे सगळे हप्ते तिच्यासोबत बसून एका कागदावर मांडा. रिझर्व्ह बँकेच्या २०२२ च्या नियमांप्रमाणे कुटुंबाच्या सगळ्या कर्जांचे मासिक हप्ते मिळून उत्पन्नाच्या ५० टक्क्यांवर जाता कामा नयेत, आणि वसुलीसाठी सकाळी ९ च्या आधी किंवा संध्याकाळी ६ नंतर त्रास देता येत नाही. हे तिला माहीत नसतं. गटाच्या हप्त्याची मुदत वाढवून द्या आणि नव्या कर्जासाठी ती गटाकडेच येईल असं बघा. बँका महिला गटांना ३ लाखांपर्यंतचं कर्ज वर्षाला ७ टक्क्यांनी देतात. कंपनीचा दर बहुधा वर्षाला २० टक्क्यांच्या वर असतो.

दुसरा बँकेचा. १९९२ मध्ये नाबार्डने ५०० गट बँकांशी जोडायचा प्रायोगिक कार्यक्रम घेतला, तेव्हापासून बँक गटाची वही आणि परतफेड पाहून विनातारण कर्ज देते. म्हणजे तुमची वही हेच तुमचं तारण आहे. पण काही शाखांत कर्ज देताना गटाची बचत अडकवून ठेवतात, आणि मग अंतर्गत कर्जाला पैसे उरत नाहीत, बैठकीला यायचं कारण उरत नाही. रिझर्व्ह बँकेच्या सूचनेप्रमाणे १० लाखांपर्यंतच्या कर्जाला तारण किंवा मार्जिन (कर्जदाराने आधी भरायचा स्वतःचा हिस्सा) मागायचं नाही आणि गटाच्या बचत खात्यावर बोजा चढवायचा नाही. हे तोंडी न सांगता अर्जात लिहून द्या, पोच घ्या आणि एक प्रत उमेदच्या तालुका कक्षाकडे द्या. तोंडी बोलून गेलेल्या बायकांना 'साहेब रजेवर आहेत' असं उत्तर मिळतं. लेखी अर्जाला उत्तर द्यावं लागतं.

तिसरा स्थलांतराचा. बीडसारख्या जिल्ह्यांत दिवाळीच्या आसपास कोयता घेऊन कुटुंबं ऊसतोडीला जातात आणि उन्हाळ्यात परततात. अर्धा गट सहा महिने गावात नसतो. या गटांना 'अनियमित' म्हणून खालची श्रेणी देणं मला अन्यायाचं वाटतं. जाण्याआधीच्या बैठकीत उचलीतून, म्हणजे ऊसतोडीसाठी आधी मिळालेल्या मजुरीतून, बचत आगाऊ भरून घ्या, हप्त्यांचं वेळापत्रक सहा महिन्यांसाठी वेगळं लिहा, आणि गावात उरलेल्यांनी तारीख न मोडता बैठक चालू ठेवावी, पाचच जणी असल्या तरी. परतल्यावरच्या पहिल्या बैठकीत मधल्या सगळ्या नोंदी वाचून दाखवा.

दिवाळीचं वाटप

काही गट दर दिवाळीला सगळी रक्कम वाटून घेतात. सणाला पैसे हातात येतात, आनंद होतो, त्याला नावं ठेवण्यासारखं काही नाही. पण ती भिशी झाली. दर वर्षी शून्यावरून सुरुवात करणाऱ्या गटाकडे कर्ज द्यायला कधीच पुरेशी रक्कम साठत नाही, आणि बँक मागे वळून पाहते तेव्हा तिला रिकामं खातं दिसतं. सणाला वाटायचंच असेल तर वर्षाच्या व्याजातला काही भाग वाटा, बचतीला हात लावू नका. फिरता निधी तर वाटायचा नसतोच, तो कर्ज म्हणून गटात फिरण्यासाठी दिलेला आहे. अनेक गट निधी हाती आल्या आल्या समान वाटून मोकळे होतात आणि पुढच्याच महिन्यात बैठका बंद पडतात. हे गट मुळात निधीसाठीच काढलेले असतात. अशा गटाला पुन्हा उभं करताना जुन्या बारा नावांचा आग्रह धरू नका. ज्या सहा-सातजणींना खरंच बचत करायची आहे त्यांच्यापासून सुरुवात करा आणि गट दहाच्या वर जाईपर्यंत वस्तीतल्या आणखी बायकांशी बोला.

बंदच करायचा असेल तर

हे सगळं करून सलग तीन बैठका घेतल्या आणि तरी निम्म्याजणींना पुढे जायचं नसेल, तर गट रीतसर बंद करा. अर्धवट सोडून देऊ नका. आधी बँकेचं कर्ज पूर्ण फेडून दाखला घ्या. ग्रामसंघाकडून समुदाय गुंतवणूक निधी घेतला असेल तर त्याचं देणं चुकतं करा, आणि फिरत्या निधीचं काय करायचं ते ग्रामसंघाशी बोलून लेखी ठरवा. मग सभासदांकडचं येणं वसूल करा. ज्यांचं कर्ज बचतीपेक्षा कमी आहे त्यांचं तिथेच वळतं करून घ्या. प्रत्येकीला तिची बचत आणि बचतीच्या प्रमाणात व्याजाचा वाटा द्या, पासबुकावर 'पूर्ण मिळाले' असं लिहून सही किंवा अंगठा घ्या. शेवटचा ठराव सगळ्यांच्या सह्यांनी करून खातं बंद करा. वह्या ग्रामसंघात जमा करा आणि पोच घ्या. त्यातल्या कुणाला पुढच्या वर्षी नव्या गटात यायचं असेल तर तिची परतफेड त्या वहीतच दिसेल.